स्थळ पाहणी

मी फक्त कारकून. वॉर्डाच्या जमीन-पंचायतीत
बोललं जातं तेवढं लिहायचं,
गप्प राहिलेल्याला रकाना नाही.

दावा क्रमांक चौदा. भाऊ एलिनामी, बहीण आयकांडे,
मधे बापाची केळबाग, सव्वा एकर,
किलिमांजारोच्या अशा उतारावर
की खालून ढग चढला तर आधी तिच्यातच शिरतो.

एलिनामी दार-एस-सलामहून रात्रीच्या बसने आला.
पिशवीत पिशवी, तिच्यात कागद.
बापाचा अंगठा, तीन साक्षीदार,
तिघेही आता याच मातीत.
शाई शाबूत, पण घडीने दोन अक्षरं खाल्लेली :
जमीन लेकराला दिली की लेकरांना,
उजेडात धरूनही कळेना.

आयकांडेकडे कागद नव्हता.
तिने तळहातांचे घट्टे दाखवले नाहीत,
रडलीही नाही. हिशेब सांगत गेली :
सत्तावीस वर्षं कॉफीची तोडणी,
सोसायटीच्या पावत्या भावाच्या नावावर,
कारण सभासद तोच;
कुठल्या बुंध्याला कुठल्या गाईचं शेण,
आईला कुठल्या केळीखाली पुरलं, बापाला कुठल्या.

"पुरलं म्हणून मालकी होत नाही," एलिनामी म्हणाला.
"नाही होत. पण पुरलं कोणी, ते सांग."

हे मी लिहून घेतलं.
अध्यक्ष म्हणाले, खोडा.
मी वाचता येईल इतपतच खोडलं.

मग सगळे निघालो पाहणीला, चपला हातात घेऊन.
चतुःसीमेचे साक्षीदार म्हणून शेजारचे म्झे शिरिमा,
एक डोळा गेलेला, दुसरा पुरेसा.
त्यांनी एकच विचारलं : पाट कुठे वळतो?

एलिनामी तडक गेला एवोकाडोच्या झाडाशी.
"इथे. शाळेतून आलो की इथे पाय धुवायचो."
तिथे नेचे होते, एक फुटका डबा, पाणी नव्हतं.
आयकांडे चाळीस पावलं वर गेली. मी मोजली.
"दरड कोसळली त्या सालापासून इथे."
पाणी होतं. बोट बुडेल इतकं, पण वाहतं.

शिरिमांनी मात्र खाली येऊन नेच्यांत काठी खुपसली.
हातभर आत गेली. तळाशी गोटे वाजले,
पाटातलेच, गोल.
"पोरगा खोटं नाही बोलत," ते म्हणाले.
"पोरगीही नाही.
पाण्याने तेवढं घर बदललं."

अध्यक्ष माझ्याकडे बघू लागले.
ताबा, मालकी, वहिवाट : तीन रकाने.
एकाकडे वही, एकीकडे वाट,
आणि शब्द तर जोडून लिहायचा.

आमच्याकडे बांधावर दगड नसतात, इसालेची झुडपं असतात.
त्याच झुडपाचं पान गाठ मारून कुणी पुढे धरलं
तर माफी नाकारता येत नाही.
हा कायदा कुठल्याच पुस्तकात नाही,
म्हणून कुणी तो दुरुस्तही केलेला नाही.

परतताना एलिनामी थांबला. बांधावर वाकला.
एक पान तोडलं.
गाठ जमेना. दोनदा सुटली.
शिरिमा चांगल्या डोळ्याने दुसरीकडे पाहू लागले.

आयकांडेने पान त्याच्या हातून काढून घेतलं,
मांडीवर सरळ केलं, गाठ मारली,
आणि त्याच्याच हातात परत ठेवलं.
"आता दे."

त्याने दिलं.

"तुला माफ केलं," ती म्हणाली.
"जमिनीचं बोलू तारखेला."

तारीख पडली पुढच्या महिन्याची, कॉफी फुलल्यावर.
ते पान पुराव्यात धरायचं का, कुणी सांगितलं नाही.
मी वहीत लिहिलं :
पूर्वेची सीमा शाबूत.
एक पान कमी.