केणी, बुधवार, साडेसहा

माहीमला, कापड बाजाराच्या मागे, दुसऱ्या मजल्यावर
माझी खोली. चार खुर्च्या, आणि एक घड्याळ,
त्यांना न दिसेल, मला दिसेल असं.
कुणी सांगत नाही, तरी येणारे सगळे
दाराबाहेर चपला काढतात.
मी आत सँडल घालूनच बसते.
इतकी वर्षं हे लक्षात आलं नव्हतं.

हरेश्वर केणी, गोदीतून निवृत्त.
सुमती केणी, दोन्ही गुडघ्यांवर तळहात.
आणि ऋजुता, एकतीस वर्षांची,
पगार झाला की बाबांच्या हातात ठेवणारी.
तक्रार अशी की ऑफिसातून आली की ती
नळ सोडून तासभर बाथरूममध्ये बसते,
आणि बाहेर येते तेव्हा कोरडी असते.

मी वहीत लिहिलं: गुंता.
विचारलं, ऋजुता, तुला काय हवंय?
आम्हाला ना, बाबांचं ऑपरेशन एकदा…
आम्हाला नाही. तुला.
आम्ही तसा कधी विचार…
आम्ही नाही. मी. म्हणून तर बघ.
वेणीतून एक पेड ओढून काढावा
तसा तो शब्द मी सोडवत राहिले
सहा बुधवार.
सुटलेल्या केसांचं पुढे काय करायचं
हे कुणी विचारलं नाही, मीही नाही.

शिकताना आमच्या बाई सांगायच्या, तटस्थ राहा.
तटावर उभं राहायचं, पाण्यात उतरायचं नाही.
माझ्या खिडकीतून खाडीचा एक तुकडा दिसतो.
या शहरात तट कुठला?
कुणीतरी आपल्या सोयीने भराव टाकला,
वर डांबर ओतलं, बाकडी ठेवली,
आणि आता सगळे तिथे उभे राहून
बोट दाखवतात, समुद्र तिकडे आहे.

माझा भराव मला माहीत आहे.
चोविसावं वर्ष, डोंबिवलीचं घर,
एक सूटकेस, एक टेबल फॅन.
वडील दारात आले नाहीत, आत पेपर वाचत होते.
पान उलटल्याचा आवाज आला.
त्या आवाजाला मी सुटका म्हणत आले,
आधी स्वतःशी, मग बहुधा
या चार खुर्च्यांवर बसलेल्या प्रत्येकाशी.

सातव्या बुधवारी ऋजुता म्हणाली,
"मला वेगळं राहायचंय. मी निर्णय घेतलाय."
मी लिहिलं: प्रगती. खाली रेघ ओढायला घेतली
आणि पेन अर्ध्यात थांबलं.
मान जराशी डावीकडे,
"निर्णय"च्या आधी एक छोटा श्वास…
हे मी कुठे पाहिलंय?
माझ्याच एका व्याख्यानाच्या व्हिडिओत.

निघताना सुमतीबाई वाकून
पायाने चपलेचा अंगठा शोधत म्हणाल्या,
"आता तुमच्यासारखं बोलते ती."
तक्रार नव्हती. कौतुकही नव्हतं.
शिंप्याला माप सांगावं, तसं.

आठव्या बुधवारी मी सांगून टाकलं.
नियमात बसतं की नाही, अजून ठरवता आलेलं नाही.
म्हटलं, मी स्वतः घर सोडून आलेली आहे.
घर सोडणारं माणूस दिसलं की मला बरं वाटतं.
माझा काटा आधीच तिकडे झुकलेला आहे,
माझं ऐकताना तेवढं वजा करा.

पंखा फिरत राहिला.
मग हरेश्वर केणी, जे आपणहून कधी बोलत नाहीत,
म्हणाले, "मग? बरं चाललंय का तुमचं?"
त्यात टोमणा नव्हता. मी शोधला.
ऋजुताने मान वर करून माझ्याकडे पाहिलं.
उत्तर तिलाही हवं होतं.

पाच मिनिटं उरली होती.
मी म्हटलं, "आपण हे पुढच्या बुधवारी बघू."
आणि ऐकलं: आपण.
सहा बुधवार जिचं "आम्ही" मी पुसत आले
तिच्यासमोर, इतक्या सहज.

ते गेले. जिन्यावर तिघांची पावलं,
मध्ये एकदा थांबली, बहुधा गुडघ्यांसाठी.
मी सँडलचा बंद सोडला, पुन्हा लावला.
खाली कुणीतरी दुकानाचं शटर ओढत होतं
आणि ते मध्येच कुठेतरी अडलं होतं.