परमिट

रात्री साडेअकराला फाट्यावर आला ट्रेलर.
पोरं चाकं मोजायला बसली,
यासीनचा धाकटा एकशे बारावर चुकला,
पुन्हा पहिल्यापासून लागला.

वर ताडपत्रीत गुंडाळलेलं जनित्र,
जतच्या माळावरल्या गॅस स्टेशनचा तिसरा संच,
बंदरावरनं निघाल्याला आज अडतिसावा दिवस.
हरजिंदर ड्रायव्हर म्हणाला, घाट सोपा गेला,
तारांनीच जीव खाल्ला.

म्हणून आम्ही.
मी, यासीन मुलाणी आणि शिडी.

काम असं : पुढच्या गावाचा फीडर बंद करायचा,
डीओ उतरवायचे, लाइन अर्थ करायची,
तार सोडून बाजूला धरायची.
ट्रेलरनं खालनं जायचं,
गाभण म्हैस उंबरा ओलांडते तसं, दमानं.
मग पुन्हा तार ओढायची, पुन्हा डीओ,
आणि परमिट परत.
एकेका गावाला पाऊण तास अंधार.
बावीस गावं.

लोक समजूतदार. तरी
कोल्ड स्टोरेजवाल्याचा फोन,
बेदाणा आहे वायरमन, चारशे टन, घाम फुटंल त्याला.
सौंदव्वाची गिरण अर्ध्या पायलीत थांबली,
जोंधळा वर, पीठ खाली,
मधे दगडात काय अडकलं ते तिलाच ठाऊक.
बाहेर येऊन उभी राहिली, भुवयांपर्यंत पांढरी.
"ह्यानं वीज येणार व्हय?"
"येणार की."
"मग आत्ता का नेली?"
मी मुलाणीकडं बघितलं. मुलाणीनं शिडीकडं.

पहिले दोन संच आले तेव्हा मी रोजंदारीवर होतो.
गॅसवाले शेतातनं पिवळे दगड रोवत गेले.
कुळवाचा धक्का लागू नये म्हणून
आप्पांनी आमच्यातल्या दगडाभोवती हुलगा पेरला.
अजून पेरतात.
स्टेशन चालू असलं की माळावर एक घुमारा बसून असतो,
तो थांबला तर माणसं झोपेतनं उठतात.
तिसऱ्यानं तो वाढेल का, मी विचारलं होतं.
इंजिनियर म्हणाले, नाही, भिंत बांधलीय.
भिंतीला कान असतात एवढंच मला माहीत,
घेईल बापडी ऐकून.

पहाटे तीनला ताडपत्रीच्या फटीतनं
हात लावून बघितला.
गार. दहिवरानं ओलं, थारोळ्यातल्या दगडासारखं.
उद्या दहा तालुक्यांना पुरायचं ते
जावळ काढायला आणलेल्या पोरागत गप्प.

बाविसावं गाव उरकलं. पुढं वस्ती,
सात घरं, एक बाभूळ.
ट्रेलर थांबला नाही.
धुळीतनं सुंद्राबाई कोळेकर म्हणाली,
"आमचं काय नाही व्हय बंद करायचं?"
"तार नाही आज्जी हितं."
"मग बरं. खोळंबा नाही."
आणि शेळीला कानाला धरून बाजूला घेतलं,
वाट करून दिली तिनं
एवढ्या मोठ्या यंत्राला.

सकाळी ऑफिसात नोंदवही भरली.
गाव. बंद केल्याची वेळ. चालू केल्याची वेळ.
बावीस ओळी.
तेविसावी मी घातली, वस्तीचं नाव लिहिलं.
मुलाणी म्हणाला, साहेब विचारतील.
विचारू देत.
पहिल्या रकान्यात आडवी रेघ मारली.
दुसरा मोकळा ठेवला.