जांभळं औषध

दिवसभर मी सेक्टर अकरात
कुंड्यांखालच्या थाळ्या उपड्या करतो,
पिंपात बॅटरी मारून अळ्या बघतो,
दारामागे खडूने तारीख घालतो.
साठलेलं पाणी म्हणजे शत्रूचं बाळंतघर :
हे भोपीसाहेबांचं वाक्य, बावीस वर्षं तेच,
आता माझ्याही तोंडून आपोआप पडतं
तिसऱ्या मजल्यावरच्या बाईंसमोर,
ज्यांच्याकडे डास कधीच नसतात.

आणि रात्री घरी आलो की
ओजस शत्रू बोलवत बसलेला.

"हे प्यालं की दुप्पट येतात, बाबा."
कोण?
"सगळे. वटवाघळं, सांगाडे, ते लिबलिबीत हिरवे."
मी पायातली गमबुटाची खाज खाजवत म्हटलं,
औषध मारायला असतं रे,
यायला कुठे असतं?
"ह्यात असतं."

बाटलीभर पाणी. सडक्या मांसाचा तुकडा.
रात्रीच उमलणारं एक विषारी फूल,
ते तोडायला त्याला म्हणे दोन रात्री लागल्या.
जांभळा रंग आला, त्याने एका घोटात संपवलं.
वर कोपऱ्यात आकडा उतरायला लागला,
सात मिनिटं.

शेजारी एक मेणबत्तीही लावलेली, पाण्याची, निळी.
तिच्या उजेडाला आणखी येतात.
मेणबत्ती पाण्याची, हे ऐकून
मला उगाच एक पिंप आठवलं
आणि त्यात वळवळणारा बॅटरीचा झोत.

पण का? एवढे अंगावर घेऊन करायचं काय?
"चारशेत एकाकडे किल्ली असते.
आपसूक येतील तेवढेच मारले
तर दहावी होईल माझी तोवर."
मग पडद्यावरून नजर न हलवता :
"आधी खंदक खणायचा. मग फळ्या, मशाली.
औषध सगळ्यात शेवटी.
उलटं केलं की मेलास."

ते आले.
डावीकडून, उजवीकडून, छत फोडून,
आणि पोरगा उभाच, कोपर हलतंय तेवढंच.
आतून हिचा आवाज, भात निवतोय,
आम्ही दोघंही ओ देत नाही.

"उलटं औषधपण आहे," तो म्हणाला,
"ते प्यालं की कमी येतात.
नवीन असतात ते पितात. घाबरट."

मी काही बोललो नाही.

जून संपता संपता एका दुपारी
माथाडी वसाहतीतल्या एका दारावर
मी खडूने लिहिलं होतं : घर बंद.
आत कुकरची शिट्टी होत होती.
पाय दुखत होते, दोन वाजले होते,
आणि वरच्या टाकीला शिडी नव्हती.
त्या आठवड्याच्या माझ्या तक्त्यात
शून्यच शून्य,
साहेबांना शून्य फार आवडतं.
ऑगस्टात त्या घरातल्या आजोबांना
वाशीच्या दवाखान्यात प्लेटलेट चढवल्या.
वाचले ते. वाचले.
मी चौकशी केली होती, लांबून, दुसऱ्याचं नाव सांगून.

सात मिनिटं संपली.
खंदकात नाणी, हाडं, दोन बाण.
किल्ली नाही.
ओजसने दुसरी बाटली काढली
आणि माझ्याकडे बघितलं,
"बसताय की जेवताय?"

सकाळी मी भोप्याच्या दुकानातून नाही,
शेजारच्या रंगाऱ्याकडून शिडी मागून घेतली.
सायकलला बांधली, वाटेत दोनदा सुटली.
त्या वसाहतीत दोन वेळा बेल, मग कडी, मग हाक.
संध्याकाळच्या तक्त्यावर भोपीसाहेबांचा चष्मा थांबला :
"एकोणीस? एका दिवसात?
एवढ्या कुठून आल्या रे?"

होत्याच, साहेब.

किल्ली अजून मिळालेली नाही.
तीनशे बारा झाले, ओजस वहीत मांडतो.
मी त्याला सांगितलंय,
जांभळ्याची एक बाटली माझ्यासाठी ठेव.
तो म्हणाला, आधी खणायला शिका.