अकरा सेकंद

पुंता अरेनासला वारा नवा नाही.
चौकात दोर बांधलेले असतात, धरून चालायला.
त्या दिवशी सांतियागोहून टीव्हीचा एक पोरगा
वाऱ्याची बातमी द्यायला आला,
आणि त्याच्या पाठीमागून, तिच्या ध्यानीमनी नसताना,
माझी एदेल्मीरा मावशी उडाली.

उडाली असं आपलं म्हणायचं.
चार पावलं घसरली, विजेच्या खांबाला मिठी मारली.
हातातली निळी पिशवी सुटली, फुगली,
पत्र्याच्या छपरांवरून सामुद्रधुनीकडे निघाली,
आणि मावशीने तिच्या मागे एक शिवी हासडली,
आमच्या खलाशी आजोबांनाही सुचली नसती अशी.

रात्रीपर्यंत नव्वद लाख लोकांनी पाहिलं.
कुणी तिला पंख लावले, कुणी शिवीला ढोल.

तीन दिवस ती दाराबाहेर पडली नाही.
चौथ्या दिवशी पाववाल्याने तिच्याकडून पैसे घेतले नाहीत.
घरी आली, पाव टेबलावर ठेवला,
कोट न काढताच म्हणाली,
"निबाल्दो, हसं तर झालंच आहे.
आता आपल्या हातानं करू."

तेव्हापासून फोन मी धरतो.
हनुवटीखाली बांधलेली लाल टोपी आधी नव्हती, ती आली.
शिवी तीच, पण जरा धुऊन घेतलेली,
मुलंबाळं बघतात म्हणून.
निळ्या पिशव्या आम्ही शंभराच्या गठ्ठ्याने आणतो.
वारा पडला की ती खिडकीशी बसते,
बोहनी न झालेल्या दुकानदारासारखी.
जूनमध्ये आठ दिवस काही म्हणजे काही हललं नाही.
मी गॅरेजमधून मोठा पंखा आणला,
आणि ती त्याच्यासमोर इतकी सुरेख घसरली
की मला कसंसंच झालं.

टोपी कुठे मिळते, विचारतात. वय किती. भीती वाटली का.
पिशवीत काय होतं, हे
आंकूदच्या एका शाळकरी मुलीने तेवढं विचारलं.
"हवा," मावशीने लिहायला सांगितलं. मी लिहिलं.

एलिसेओ काकांची लोकरी बंडी होती.
चष्मा. अर्धं सुटलेलं शब्दकोडं.
हॉस्पिटलने सकाळीच सही घेऊन दिलं होतं सगळं.

काम आटोपलं की ती मला किनाऱ्यावर पिटाळते.
"कचरा राहायला नको," म्हणते.
गोळा केलेली एकेक पिशवी उलटी करते,
झटकते, आत हात घालून बघते, घडी घालते.
काल आम्ही वीस सोडल्या होत्या.
मी आणल्या एकवीस.
एक विटलेली, शेवाळ धरलेली, कुणाचीही असेल.

तिने वीस झटकल्या.
एकविसावी तशीच राहिली टेबलावर, पावाशेजारी.
बराच वेळ पत्रे वाजत होते.
मग ती म्हणाली,
"उद्या जोर आहे म्हणतात. फोन चार्जिंगला लाव."