फटीचा दिवस

उद्यमनगरात, दिवाळीच्या तोंडावर,
आमच्या छापखान्यात पुढचं वर्ष ओलं असतं.
मी त्याला पत्र्याची पट्टी मारतो,
दिवसाला तीन हजार वर्षं,
वर टांगायला कडी.

पाठकोऱ्या एप्रिलवर, शाई फिसकटलेल्या जूनवर
प्रांजलनं वेगळंच मांडलंय :
दोन चंद्रांचा देश, पाच वारांचा आठवडा,
महिने अकरा. राखुंडी, उकळी, काकवी…
काकवी गुऱ्हाळं पेटतात तेव्हाची,
एवढं एक तिनं इथनं उचललंय.
थोरल्या चंद्राची अवस पाळायची,
धाकट्याची नुसती चेष्टा करायची.
आणि काकवी संपून राखुंडी लागायच्या मधे
एक फटीचा दिवस,
कुणाच्याच हिशेबात नाही.
त्या दिवशी उधारी मागायची नाही.

बायंडिंगला यायच्या आधी
चौदा वर्षं प्रुफं वाचलीत मी.
बोट फिरवत गेलो अन् सापडलंच.
"सातव्या वर्षी धाकटा चंद्र
एक दिवस मागं पडतोय, बाई."
"मुद्दाम ठेवलंय," म्हणाली.
"नदीच्या अल्याड आज सण, पल्याड उद्या.
तेवढंबी भांडण नसलं तर
संध्याकाळी तळ्यावर बसून
माणसं बोलणार काय?"
रंकाळ्याकाठी वाढलेली पोर.
खोडता आलं नाही.

पाळी सुटताना अकरा कागदांना पट्टी मारली.
फटीच्या दिवसाला पान नव्हतं,
शेवटी पट्टी जरा सैल ठेवली.

घरी येताना दुकानातनं मोमीनचाचांची हाक :
"काय, कधी देतोयस?"
म्हटलं, आज कुठला दिवस आहे
बघून सांगतो.