तुफान धुमाळ पार्टी, अड्याळ

टेम्पोच्या फळीवर आमचं नाव
जब्बारच्या भावानं रंगवलं होतं.
तुफानमधला फा जरा जास्तच फुगला,
आम्ही म्हटलं राहू दे बे, आवाज असाच दिसते.

तेव्हा आम्ही कोणाचेच नव्हतो.
केस तांबडे, अंगात बनियन नाही,
सरपंचानं म्हटलं कमी करा
की होमराज दोन खटके वर चढवायचा.
उरुसाच्या संदलीत तीच चाल,
गणपतीत तीच,
कोष्ट्याच्या वरातीतही तीच.
जब्बार तणसाच्या जाळावर ताशा शेकायचा,
कान लावून म्हणायचा,
थांब, कातडं अजून ऐकून नाही राहिलं.

काड्या धरायला मला त्यानंच शिकवलं.
विळा धरतो तशा नाही,
बिडी धरतो तशा.

मग भाऊंनी अँप्लिफायर दिला.
नवाकोरा, वरचं प्लास्टिकही निघालं नव्हतं.
व्याज नको, परत नको,
फक्त हा पेन ड्राईव्ह,
दोन गाण्यांच्या मधात वीस सेकंद.

वीस सेकंदात आम्ही पाणी पीत होतो.
कोण ऐकते?

पुढच्या हंगामात ते दीड मिनिट झालं.
आमचा रेट आठाचा एकवीस हजार झाला.
नवरदेवाचे दोस्त स्टेजखाली येऊन म्हणत,
गाणं राहू दे, ते लावा, ते भाषणवालं.
होमराज म्हणाला, नुसतं बोलणं कोरडं लागते,
खाली ठेका टाकू.

टाकला.
चार, तीन, तीन, आणि शेवटच्या शब्दावर डग्गा.

त्या रात्री टेम्पो मशिदीच्या मोडावर थांबला.
बंद पडला नव्हता.
पेन ड्राईव्ह सांगत होता
जब्बारसारख्यांचं काय करायचं,
आणि खाली ताशा वाजवत होता जब्बार.
समोर त्याच्या मावशीच्या घराचं दार आतून लागलं.
एक काडी चुकली नाही त्याची.
मी त्याच्या हाताकडे पाहत होतो,
तोंडाकडे नाही.

नंतर त्यानं ताशा खुंटीला टांगला,
एक काडी खिशात घातली,
एक माझ्या हातात दिली.
काही बोलला नाही.

आता सहा ताशे आहेत, फायबरचे.
शेकावे लागत नाहीत.
फळीवर नवं नाव, मशीनवर छापलेलं,
सगळी अक्षरं सारखी.

परवा पवनीच्या एका पोरानं विचारलं,
हा ठेका कोणी बसवला बे, भारी आहे.
मी म्हटलं,
पेन ड्राईव्हमध्येच होता.