चार अक्षरं

ते नाव मीच रंगवलं होतं.
लाडखेडच्या बाजारात, सलूनच्या अंगाला,
लाल अक्षर, पिवळी सावली, खाली बारीक:
पँटपीस व सफारी.
गुलाबभाऊ म्हणाला, "नाव कडक पाह्यजे,
लोकायनं थांबलं पाह्यजे."
अक्षरामागं बारा रुपये. हि, ट, ल, र.
अठ्ठेचाळीस झाले.
मिशी मी फुकट काढून दिली.

थांबली एकच बाई.
यष्टीतून उतरली, खांद्याला खाकी पिशवी,
पाहत राहिली कपातला चहा निवेपर्यंत.
मग माझ्याकडं वळून: "अक्षर सुंदर आहे तुमचं."
मला वाटलं, ऑर्डर आहे.

पनिनाबाई वाकरूळकर, मूर्तिजापूरच्या.
वडील छोट्या गाडीचे गार्ड.
मूळ कोकणातले, शनिवारी घाणा न जुंपणारे तेली.
चांगली नोकरी सोडून ही बाई
झेडपीच्या शाळाशाळांतून हिंडायची,
परवानगीचा कागद प्लास्टिकच्या पिशवीत.
हेडमास्तर म्हणत, कोर्सात नाही.
म्हणत, आपलं काय घेणं-देणं?
म्हणत, बरं, पंचवीस मिनिटं घ्या, मग खिचडी आहे.
शुक्रवारी मात्र चारची यष्टी चुकू द्यायची नाही,
घरी दिवा दिवस बुडायच्या आत.

मी तेव्हा शाळेच्या भिंतीवर सुविचार लिहीत होतो,
खिडकीतून ऐकू यायचं.
तिनं पोरांना सरकी मोजायला लावली.
शंभराच्या पुढं पोरं हसू लागली,
हजाराला कंटाळली.
"साठ लाख," ती म्हणाली. "सेकंदाला एक, रोज दहा तास,
दसऱ्याला बसलात तर होळी उलटेल."
कुणी हसलं नाही. एकानं विचारलं,
"तुमचं कोनी मेलं काय त्याच्यात?"

"नाही. माझं कोणीच नाही.
इथं आमच्या दारावर कधी खडा पडला नाही.
म्हणूनच हिंडते."

मागच्या बाकावरून एक पोरगा उठला:
"बाई, आमच्या आज्याले विहिरीवर चढू देत नोहते."
तिनं खडू ठेवला. त्याच्या बाकावर जाऊन बसली.
तो बोलत राहिला. घंटा झाली, खिचडी निवली.
पुढची तीन वर्षं
त्या शाळेनं तिला बोलावलं नाही.

चौथ्या वर्षी ऑर्डर घेऊन आली खरी.
काळं कापड, पांढरा रंग,
कुठल्याशा गावातल्या एका वर्गाचा हजेरीपट.
एकतीस नावं, समोर वयं.
"अक्षरामागं बाराच ना?"
मी लिहीत गेलो. याकोव, नऊ. मिरियम, सात.
माझा गुणवंता तेव्हा सातचा.
मिरियमची पहिली वेलांटी द्यायची राहिली,
ती मागून घुसवली, अजून जरा वाकडी आहे.

कापड पोचवायला मूर्तिजापूरला गेलो.
दाराच्या चौकटीला एक बारीक नळी, तिरपी.
सवयीनं सरळ करायला हात गेला.
"राहू द्या," म्हणाली, "ती तशीच असते."
खोबरं घातलेले गोड पोहे दिले वाटीत.
मी खात असताना म्हणाली,
"तिथंही बोर्ड होते. दुकानांवर, बागेतल्या बाकांवर.
यांनी बसू नये, त्यांनी येऊ नये.
कुण्या पेंटरनंच रंगवले असणार.
मी फोटो पाहिलेत. अक्षर सुंदर होतं."

वाटी माझ्या हातात होती.
ती कुठं ठेवावी, कळेना.

आल्यावर गुलाबभाऊला म्हटलं, फुकट मिटवून देतो.
तो म्हणाला, "धंदा बसला आता त्या नावावर."
खोटं नव्हतं.
मी रात्री डबा घेऊन गेलो, असं सांगायला आवडलं असतं.
नाही गेलो.

मग फ्लेक्स आला. दारव्ह्याहून कॉम्प्युटरवर छापून,
तेच नाव, आता खरा फोटो.
माझे ब्रश घासलेटात वाळून गेले.

परवा ती आली होती, काठी टेकत,
पिशवी तीच, दुसऱ्या गावच्या शाळेला निघालेली.
बोर्डाखाली उभी राहिली.
"हे अक्षर तुमचं नाही."
"नाही."

मला बरं वाटलं.
यष्टी गेल्यावर, धूळ खाली बसता बसता,
त्या बरं वाटण्याची
लाज वाटली.